अपील प्रलंबित आहे, तरी गायरानावरून उठवायला निघालेत. स्थगिती नेमकी कुठून मिळते?

आडरान
नमस्कार मंडळी. एरवी मी इथं वाचनमात्र असते, पण आज अडले म्हणून धागा काढते आहे.

आमचं गाव हिंगोली जिल्ह्यात. माझे थोरले काका (आम्ही आबा म्हणतो) गावच्या गायरानातली साधारण पावणेतीन एकर जमीन १९८३-८४ पासून कसतात. आधी तो नुसता मुरमाड माळ होता. दगड वेचून बांध घातले, मग ज्वारी, आता सोयाबीन आणि हरभरा. आजोबा १९६४ च्या भूमिहीनांच्या सत्याग्रहात दादासाहेब गायकवाडांच्या हाकेवर तुरुंगात जाऊन आलेले. त्यामुळं 'कसायला जमीन मागणं' हा आमच्या घरातला जुनाच विषय आहे.

२८ नोव्हेंबर १९९१ च्या शासन निर्णयानुसार १ एप्रिल १९७८ ते १४ एप्रिल १९९० या काळातली, मागासवर्गीय आणि भूमिहीन लोकांची शेतीची अतिक्रमणं नियमित करायची होती. आबांचा प्रस्ताव त्यातलाच. तो कितीतरी वर्षं या टेबलावरून त्या टेबलावर फिरला आणि यंदा फेब्रुवारीत जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशानं नामंजूर झाला. कारण काय, तर 'विहित कालावधीतील अतिक्रमणाची नोंद आढळून येत नाही'. आम्ही मुदतीत अपर आयुक्तांकडं अपील केलं, सोबत स्थगितीचा अर्जही दिला. त्यावर अजून काहीच नाही, नुसत्या तारखा.

आणि परवा तहसीलमधून आबांना आदेश आला. अतिक्रमण सात दिवसांत स्वतः काढून घ्या, नाहीतर आम्ही काढू आणि खर्च वसूल करू. सोयाबीनला शेंगा भरायला लागल्यात. मी पुण्यात, आबा तिकडं रोज फोन करून एकच विचारतात, "अपील चालू आहे ना आपलं? मग कसं काय उठवतेत?"

मलाही हाच प्रश्न आहे. अपील चालू असताना असं उठवता येतं का?

---

मुक्कामपोस्ट
येतं. वाईट वाटेल, पण येतं. आमच्या शेजारच्या गावात गेल्या वर्षी पाच-सहा जणांचं असंच झालं, सगळ्यांच्या खिशात अपिलाच्या पोचा होत्या.

---

बारावाटा
बारा वर्षं ताबा असला की जमीन आपली होते ना? यांना तर चाळीस होत आली. सरळ दिवाणी कोर्टात दावा टाका, मालकी हक्काचा.

---

काळा_कोट
मी औरंगाबाद खंडपीठात वकिली करतो (शहराचं नाव बदललं, तोंडातली सवय बदलायची आहे). धागा वाचला, जरा सविस्तर लिहितो.

आधी बारावाटा यांच्यासाठी. बारा वर्षं खासगी मालकाविरुद्ध. सरकारविरुद्ध मुदत कायद्याच्या अनुच्छेद ११२ प्रमाणे तीस वर्षं, आणि सार्वजनिक जमिनीवर असा हक्क सांगणाऱ्याकडं कोर्टं फार कडक नजरेनं बघतात. पण त्याहून मोठी गोची वेगळी आहे. ताईंच्या आबांनी जमीन नियमित करून मागितली, म्हणजे 'जमीन सरकारची आहे, ती मला द्या' असं लेखी कबूल केलं. आता 'जमीन माझीच' म्हणायचं तर आधीच्या अर्जाचा पाय आपणच कापायचा. एकाच माणसानं दोन तोंडांनी बोललेलं फाईलमध्ये लगेच दिसतं. हे करू नका.

आता मूळ प्रश्न. अपील दाखल झालं म्हणून खालचा आदेश आपोआप थांबत नाही. महसुलात नाही, दिवाणीतही नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २५६ प्रमाणे अपील ज्याच्यापुढं आहे तो अधिकारी स्थगिती देऊ शकतो. 'देऊ शकतो' हे शब्द महत्त्वाचे. त्यानं लेखी दिली तरच ती स्थगिती. अर्जावर आवकचा शिक्का बसला म्हणजे स्थगिती नव्हे.

ताई, एक सांगा. अपर आयुक्तांकडं स्थगिती नेमकी कशाला मागितली आहे? अर्जातली शेवटची विनंती जशीच्या तशी इथं टाका.

---

आडरान
काळा_कोट, खूप आभार. अर्जातलं शेवटचं वाक्य: "तरी मा. जिल्हाधिकारी यांच्या आदेशास अपिलाच्या निकालापर्यंत स्थगिती देण्यात यावी, ही विनंती."

---

काळा_कोट
वाटलंच होतं.

बघा, जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश काय आहे? 'प्रस्ताव नामंजूर.' समजा उद्या अपर आयुक्तांनी त्याला स्थगिती दिली. हाती काय आलं? नकार थांबला म्हणून होकार मिळत नाही. प्रस्ताव मंजूरही नाही, नामंजूरही नाही, मधेच लोंबकळला. आबांचा पाय शेतात राहील असं त्या स्थगितीत एक अक्षर नाही. शेतातून काढणारा आदेश तहसीलदारांचा आहे, कलम ५० खालचा. तो वेगळा, त्याचा क्रमांक वेगळा, आणि त्याचं अपीलही वेगळ्या दारात.

नकाराला मिळालेली स्थगिती ताब्याला वाचवत नाही. ही चूक पक्षकार करतात आणि आमच्यातलेही बरेच करतात. दहातल्या निम्म्या फायलींत हेच सापडतं. (हा आकडा माझ्या टेबलाचा, कुठं छापू नका.)

म्हणून आता दोन कामं. तहसीलदारांच्या आदेशाची नक्कल मागा, आजच. त्याविरुद्ध कलम २४७ खाली प्रांताधिकाऱ्यांकडं, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांकडं, स्वतंत्र अपील करा. मुदत साठ दिवसांची आहे, पण तुमच्याकडं सात दिवस आहेत, त्यामुळं साठाचा विचार सोडा. सोबत स्थगितीचा अर्ज, आणि विनंतीत स्पष्ट लिहा: 'अपिलाच्या निकालापर्यंत अपिलार्थीचा ताबा जैसे थे ठेवावा आणि दिनांक अमुकच्या आदेशाची अंमलबजावणी करू नये.' अपर आयुक्तांकडच्या अपिलाचा क्रमांकही त्यात घाला, म्हणजे मूळ हक्काचा वाद वर चालू आहे हे कागदावर येईल.

आदेशावर सही कुणाची आहे ते मात्र आधी बघा. सही तहसीलदारांची असेल तर वरचा रस्ता. प्रांतांचीच असेल तर अपील त्यांच्या वर जाईल.

---

आडरान
सही तहसीलदारांची आहे. नकलेचा अर्ज चुलतभाऊ आज देतोय.

---

गोठा_नं_१
कटू बोलतो, माफ करा. गायरान हे गुरांचं आहे. आमच्या गावात शंभर एकराचं गायरान होतं, आता शेळ्या चारायला रस्त्याची कड उरली. ज्याच्या दावणीला चार म्हशी आहेत पण स्वतःचं रान नाही, त्यानं कुठं जायचं? सर्वोच्च न्यायालयानं २०११ मध्येच जगपाल सिंग खटल्यात सांगितलंय की गावाच्या सामाईक जमिनीवरची अतिक्रमणं काढा, कितीही जुनी असू देत. उच्च न्यायालयानं २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये राज्यभरची गायरानं मोकळी करायला सांगितली. तेव्हा सरकारी आकडाच सव्वादोन लाखांच्या घरात बांधकामांचा होता. सगळ्यांनीच स्थगिती आणली तर चरायचं कुठं?

---

आडरान
गोठा, तुमचं म्हणणं खोटं नाही. आमच्याच गावात गायरानातली सर्वांत मोठी पट्टी कुणाकडं आहे हे सगळ्यांना ठाऊक आहे, आणि तिथं आदेश गेलेला नाही. आबांविरुद्ध तक्रार झाली ती माझी चुलतबहीण ग्रामपंचायतीवर निवडून आल्यावर. सदस्याच्या घरचं सरकारी जमिनीवर अतिक्रमण दाखवलं की सदस्यत्व जातं ना, म्हणून. म्हशींचा कळवळा तक्रारीत कुठंच नाही.

---

निवृत्त_भाऊसाहेब
तलाठी म्हणून एकतीस वर्षं काढली (आता पाटीवर 'ग्राम महसूल अधिकारी' लिहितात, लोक भाऊसाहेबच म्हणतात). ग्रामपंचायतीच्या राजकारणातून अतिक्रमणाची फाईल वर येणं हा नित्याचा प्रकार आहे. निवडणूक झाली की पुढच्या महिन्यात अर्ज. हरलेला उमेदवार अर्जदार.

गोठा यांनी जगपाल सिंग सांगितला, पण त्या निकालाच्या शेवटाकडं एक फट ठेवली आहे तीही सांगावी. शासनाच्या अधिसूचनेखाली भूमिहीन मजूर किंवा अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना दिलेली जमीन, किंवा जिथं शाळा-दवाखाना उभा आहे अशी जागा, इथं अपवाद म्हणून नियमित करता येईल असं त्यात आहे. १२ जुलै २०११ चा आपल्याकडचा शासन निर्णय त्याच निकालावरून निघाला. म्हणजे हिंगोलीच्या आबांचं म्हणणं निदान ऐकून घेण्याजोगं आहे, धनदांडग्याच्या पेट्रोलपंपाचं नाही.

आता माझ्या कामाचा मुद्दा. ताई, '१-ई' चा उतारा काढलात का? गाव नमुना १-ई म्हणजे अतिक्रमणांची नोंदवही. नोंद आढळली नाही असं लिहिलंय, म्हणजे बहुधा त्याच वहीत कुणी बघितलं आणि बंद केलं. त्या काळच्या वह्या ओलीनं चिकटलेल्या असायच्या, पानं सुटी. शिवाय आम्ही लोक नाव ऐकू येईल तसं लिहायचो. आबांच्या वडिलांचं नाव चुकलेलं असू शकतं.

आणि दुसरं: दंडाच्या पावत्या आहेत का?

---

आडरान
भाऊसाहेब, तुम्ही पावत्या म्हणालात आणि मी फोन लावला. आबा म्हणाले, "हायत की. दंड भरलेला हाय, त्या का दाखवायच्या? चोरीची पावती कुणी दाखवतं का?"

म्हणजे इतकी वर्षं त्या त्यांनी मुद्दाम लपवून ठेवल्या होत्या!

चुलतभावानं फोटो पाठवले. पत्र्याची पेटी, त्यात आजीच्या नऊवारीचा तुकडा, त्यात गुंडाळलेली पाच कागदं. एक पार जाळी झालेली. दोन नीट वाचता येतात: 'नमुना ९', शाई निळी, आता तपकिरी झालेली, 'सरकारी जमिनीवर अनधिकृत लागवड दंड', सन १९८६-८७ आणि १९८८-८९. गट नंबर तोच. नाव आबांचं, पण वडिलांच्या नावाच्या जागी आजोबांच्या भावाचं नाव!

---

निवृत्त_भाऊसाहेब
अहो, यालाच म्हणतात पुरावा. दंडाची पावती म्हणजे सरकारनं स्वतःच्या हातानं लिहून दिलेलं, की हा माणूस अमुक साली या गटात नांगर धरत होता. चोर म्हणून लिहिलं असेल, पण त्या दिवशी तिथं होता हे लिहिलं ना? दोन्ही पावत्या १४ एप्रिल १९९० च्या आधीच्या. प्रस्तावाला जोडल्या नव्हत्या का?

वडिलांच्या नावाचं घोळ मिटवायला शाळेचा दाखला, जुन्या मतदार यादीचा उतारा आणि गावातल्या दोन म्हाताऱ्यांची शपथपत्रं जोडा. मूळ पावत्या कुणाच्याही हातात देऊ नका. कुणाच्याही म्हणजे वकिलाच्यासुद्धा. काळा_कोट रागावतील.

---

काळा_कोट
रागावत नाही, बरोबर आहे. मूळ कागद फक्त सुनावणीत दाखवायला. जोडायच्या त्या साक्षांकित प्रती.

या पावत्या दोन्ही अपिलांत घाला. स्थगिती मागताना तीन गोष्टी दाखवायच्या असतात: प्रथमदर्शनी तुमच्या म्हणण्यात दम आहे, आत्ता उठवलं तर भरून न येणारं नुकसान होईल, आणि थांबवल्यानं सरकारचं तेवढं बिघडत नाही. उभं पीक हे दुसऱ्याचं उत्तर. पावत्या पहिल्याचं. तिसऱ्याचं उत्तर, चाळीस वर्षं थांबलात तर अपिलाचा निकाल लागेपर्यंत थांबा.

---

शहरी_बाबू
सर्वोच्च न्यायालयानं नोव्हेंबर २०२४ मध्ये बुलडोझरबाबत सांगितलंय की पंधरा दिवसांची नोटीस द्यायलाच पाहिजे. सात दिवसांचा आदेश तिथंच रद्द ना?

---

काळा_कोट
तो निकाल बांधकामं पाडण्याबद्दलचा आहे. सोयाबीनला भिंती नसतात. शिवाय त्यातही रस्ता, पदपथ, रेल्वेलगतची किंवा नदी-तलावातली बांधकामं आणि न्यायालयानंच पाडायला सांगितलेली बांधकामं वगळली आहेत. तो निकाल वाचून गायरानावर निवांत बसू नका. इथं आधार कलम ५० चाच घ्यायचा: आदेशात दिलेली मुदत 'वाजवी' पाहिजे असं ते कलम म्हणतं. पीक उभं असताना सात दिवस वाजवी कसे, हा मुद्दा अपिलात लिहा.

---

सातपुडा
मी नंदुरबारकडं वनहक्काच्या दाव्यांचं काम करते. हा धागा वाचून एक फरक सांगावासा वाटला.

वनहक्क कायद्यात, २००६ च्या, कलम ४(५) आहे. दाव्याची पडताळणी पुरी होईपर्यंत त्या वनजमिनीवरून वनवासी माणसाला काढता येत नाही. म्हणजे दावा चालू असतानाचं संरक्षण कायद्यातच लिहून ठेवलंय, ते कुणा साहेबाकडं मागायला जावं लागत नाही. ग्रामसभा, उपविभागीय समिती, जिल्हास्तरीय समिती, अशा पायऱ्या. आपल्याकडं अनुसूचित क्षेत्रात १८ मे २०२० च्या राज्यपालांच्या अधिसूचनेनं वर विभागीय समितीही आली.

तरी २०१९ आठवा. १३ फेब्रुवारीला सर्वोच्च न्यायालयानं नामंजूर दावेवाल्यांना काढायला सांगितलं आणि २८ फेब्रुवारीला तो आदेश थांबवला. त्या पंधरा दिवसांत आमच्या पाड्यांवर कुणी झोपलं नाही. एका म्हाताऱ्यानं दाव्याची पोच प्लास्टिकच्या पिशवीत घालून गळ्यात बांधली होती, ताईत बांधतात तशी.

गायरानवाल्यांना असं कलम नाही. त्यांना प्रत्येकाला आपली आपली स्थगिती आणावी लागते. ज्याच्याकडं वकिलाचे पैसे आहेत त्यानं आणायची, ज्याच्याकडं नाहीत त्यानं उठायचं.

---

गलाईवाला
मी मूळचा विट्याचा, आमची गलाई, म्हणजे सोनं-चांदी गाळायचं दुकान, पालक्काडला. वीस वर्षं केरळात आहे म्हणून सांगतो, तिथं हेच पण वेगळ्या नावानं चालतं. सरकारी जमीन कसणाऱ्याला नावावर करून देतात त्या कागदाला पट्टयम म्हणतात. जमीन देण्याचा कायदा १९६० चा, नियम १९६४ चे. उठवण्याचा कायदा वेगळा, १९५७ चा. दोन कायदे, दोन फायली, तुमच्या आबांसारखंच. डोंगराकडच्या इडुक्की जिल्ह्यात तर वनजमिनीसाठी १ जानेवारी १९७७ ही तारीख पाठ असते लोकांना. आपल्याकडं १४ एप्रिल १९९० तशी.

आमच्या दुकानाच्या मालकाच्या भावाचा पट्टयमचा अर्ज फेटाळला गेला होता. अपील टाकलं, तेवढ्यात गावच्या ऑफिसातून नोटीस. त्यानं एर्नाकुलमच्या हायकोर्टात रिट (सरकारी कारवाईविरुद्धची याचिका) टाकलं. दोन पानांचा आदेश आला: अपिलाचा निकाल ठरल्या महिन्यांत द्या, याचं म्हणणं ऐकून द्या, तोवर हलवू नका. जमीन कुणाची यावर हायकोर्ट एक शब्द बोललं नाही. मला तेव्हा वाटलं, एवढ्यासाठी हायकोर्ट? पण त्याला तेवढंच पाहिजे होतं.

---

काळा_कोट
गलाईवाले, आपल्याकडंही रिटमध्ये बहुतेक वेळा असाच आदेश मिळतो. पण थेट हायकोर्टात गेलात तर सरकारी वकील पहिलं वाक्य बोलणार: 'पर्यायी उपाय उपलब्ध आहे.' म्हणून आधी प्रांतांकडं अपील, स्थगिती अर्ज, त्याची पोच. तिथं अर्ज ऐकलाच नाही किंवा फेटाळला, तर रिट. स्थगिती नाकारल्याच्या आदेशावर संहितेच्या कलम २५२ मुळं महसुलात पुन्हा अपील होत नाही, तेव्हा रिटला दार उघडं असतं.

---

मुक्कामपोस्ट
कॅव्हेट टाकून ठेवलं तर?

---

काळा_कोट
कॅव्हेट म्हणजे समोरचा कोर्टात गेला तर मला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका. इथं समोरचा कोर्टात जात नाहीये, जेसीबी घेऊन शेतात येतोय. कॅव्हेटनं जेसीबी थांबत नाही.

---

आडरान
अपडेट. प्रांतांकडं अपील पाचव्या दिवशी दाखल झालं. स्थगिती अर्जावर शेरा आला: 'तहसीलदार यांचे म्हणणे मागवावे.' पुढची तारीख एकवीस दिवसांनी! आदेशाची मुदत परवा संपते. चुलतभावानं कारकुनाला विचारलं, तोवर काय? तो म्हणाला, "तोवर साहेब काही करणार नाहीत." लिहून द्या म्हटलं तर हसला.

---

निवृत्त_भाऊसाहेब
तोंडी आश्वासनावर मी तरी विश्वास ठेवणार नाही, आणि मी त्या खुर्चीच्या बाजूलाच बसलेलो आहे. रोजनाम्याची, म्हणजे प्रकरणात कोणत्या तारखेला काय झालं त्या नोंदीची, नक्कल घ्या. त्यात तारीख आणि शेरा दोन्ही दिसतात. अर्ज दिला, ऐकला नाही, तारीख मुदतीच्या पलीकडं ढकलली, हे त्या एका पानातून सिद्ध होतं.

---

काळा_कोट
रोजनाम्याची नक्कल, हो. आता रिट. तातडीनं बोर्डावर (सुनावणीच्या यादीत) घेण्यासाठी अर्ज करावा लागेल, त्यात पीक आणि तारीख पहिल्याच ओळीत. मी स्वतः ही केस घेत नाही, इथून ओळख काढून वकीलपत्र घेणं मला बरं वाटत नाही. पण तिथं गायरानाची कामं करणारे तीन-चार जण आहेत, नावं व्यनिनं (व्यक्तिगत निरोपानं) पाठवतो. फी परवडत नसेल तर खंडपीठाच्या विधी सेवा समितीकडं अर्ज करा. अनुसूचित जातीच्या माणसाला तिथं उत्पन्नाचा दाखला न देताही मोफत वकील मिळतो, हे बऱ्याच जणांना माहीत नसतं.

---

गोठा_नं_१
मी विरोधात लिहिलं होतं तरी विचारतो, काय झालं पुढं?

---

आडरान
झालं ते क्रमानं सांगते.

मुदत संपली त्या दिवशी कुणी आलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी साडेदहाला नायब तहसीलदार, मंडळ अधिकारी, दोन पोलीस आणि जेसीबी. इकडं खंडपीठात आमचं प्रकरण त्याच दिवशी बोर्डावर होतं, शेवटून कितवं तरी. वकीलबाईंनी सकाळीच तातडीचं म्हणून सांगितलं, दुपारी पुकारा होईल असं कळलं. शेतात आबा धुऱ्यावर बसलेले. चुलतभावाच्या एका कानाला मी, दुसऱ्या हातात रोजनाम्याची नक्कल. नायब तहसीलदार माणूस बरा होता, म्हणाला जेवणाच्या सुट्टीपर्यंत थांबतो. जेसीबीवाला बाभळीखाली झोपला. आबांनी त्याला भुईमुगाच्या शेंगा नेऊन दिल्या, हे मला नंतर कळलं!

अडीचच्या सुमारास वकीलबाईंचा फोन. आदेश झाला: स्थगिती अर्जाचा निकाल चार आठवड्यांत द्यावा, अपिलार्थीला ऐकून द्यावा, तोवर ताबा जैसे थे. हक्काच्या गुणदोषांवर काही मत नाही.

आता खरी गंमत. मी तो निरोप व्हॉट्सॲपवर टाकला. नायब तहसीलदार म्हणाले, "ताई, निरोपावर मी यंत्र परत नाही नेऊ शकत. प्रत दाखवा." आदेश संकेतस्थळावर चढायला संध्याकाळ होणार, साक्षांकित प्रत त्याच्याही नंतर. मग वकीलबाई सरकारी वकिलांशी बोलल्या, सरकारी वकिलांनी तहसीलला फोन केला, तहसीलदारांनी नायबांना. चार फोन फिरले तेव्हा जेसीबी वळला. वळताना बांधाकडेच्या दोन ओळी सोयाबीन चाकाखाली गेलं.

प्रांतांनी तीन आठवड्यांनी स्थगिती दिली, अपिलाच्या निकालापर्यंत. अटी अशा: पक्कं बांधकाम नाही, विहीर नाही, जमीन कुणाला देणं-विकणं नाही.

---

गोठा_नं_१
म्हणजे निकाल कुणाच्याच बाजूनं नाही अजून.

---

आडरान
नाहीच. अपर आयुक्तांकडं पुढच्या महिन्यात सुनावणी आहे. पावत्या तिथं दाखल केल्या. १-ई चं सुटं पानही सापडलं, १९८७ चं, वडिलांचं नाव तिथंही चुकलेलंच. एकाच चुकीचे दोन कागद झाले, म्हणजे चूक आमची नाही, लिहिणाऱ्याची, असं वकीलबाई म्हणतात.

---

सातपुडा
तुमच्या गावातल्या त्या मोठ्या पट्टीवाल्याला आदेश गेला का?

---

आडरान
नाही.

एक शेवटचं विचारायचं होतं. सोयाबीन निघालं. आबा विचारतात हरभरा पेरू का? अट फक्त बांधकामाची आणि विक्रीची आहे, पेऱ्याबद्दल आदेशात काही नाही. ते घाबरलेत, की नवं पीक घातलं तर पुन्हा काही लावतील मागं.

---

काळा_कोट
जैसे थे म्हणजे ताबा जसा होता तसा. कसणाऱ्याचा ताबा म्हणजे कसणं. पेरा.

---

निवृत्त_भाऊसाहेब
पेरा, आणि पेरल्याच्या दिवशी फोटो काढून ठेवा, त्या दिवसाचं वर्तमानपत्र हातात धरून. आणि आबांना सांगा, या वेळी पेटीत लपवू नका.